सकलातवाला आपले होते का? बॅटरसीच्या खासदारावरून एक वाद

पऱ्हाटीवाला, दारव्हा

परदेशातल्या संसदेत भारतात जन्मलेलं कोणी निवडून गेलं की आपल्याकडे दोन दिवस अभिनंदनाचे निरोप फिरतात. श्री ठाणेदार अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहात गेले तेव्हा मीही फिरवले. चिकोडीत जन्मलेला, बेळगावात वाढलेला मराठी माणूस मिशिगनमधून तिथवर पोचतो, त्याचं कौतुक व्हायलाच पाहिजे. पण तिथं बसल्यावर तो तोंड कोणासाठी उघडतो, हे आपण विचारत नाही. मला तोच प्रश्न सगळ्यात मोठा वाटतो. तो विचारायला मी शंभर वर्षांपूर्वीचा एक खासदार घेतो, शापूरजी सकलातवाला.

ज्यांना हे नाव नवीन आहे त्यांच्यासाठी थोडं सांगतो. जन्म मुंबईचा, २८ मार्च १८७४. आई जेरबाई ही जमशेटजी टाटांची बहीण, म्हणजे नागपूरची एम्प्रेस मिल ज्यांनी काढली त्यांचे हे सख्खे भाचे. १९०५ साली तब्येतीसाठी इंग्लंडला गेले आणि तिथंच राहिले. टाटांच्या मँचेस्टरच्या कचेरीत काम करता करता मजूर चळवळीत शिरले. नोव्हेंबर १९२२ मध्ये लंडनच्या उत्तर बॅटरसीतून ब्रिटिश पार्लमेंटवर निवडून आले. उमेदवारी मजूर पक्षाची, सभासदत्व कम्युनिस्ट पक्षाचं. १९२३ ला दोनशेपेक्षा कमी मतांनी पडले, १९२४ ला उघड कम्युनिस्ट म्हणून उभे राहून पुन्हा जिंकले आणि १९२९ पर्यंत सभागृहात होते. त्यांच्या आधी तिथं दोन भारतीय बसले होते. दादाभाई नौरोजी १८९२ ला लिबरल पक्षाकडून, मंचेरजी भावनगरी १८९५ ला काँझर्व्हेटिव्ह पक्षाकडून. तिघेही पारशी, पण पक्ष तीन.

या माणसाचा आपल्या विदर्भाशी संबंध फक्त मामांच्या गिरणीपुरता नाही. विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला टाटांना पोलादाचा कारखाना काढायचा होता आणि त्यांची पहिली नजर आपल्या चांदा (आजच्या चंद्रपूर) जिल्ह्यातल्या लोहाऱ्यावर होती. वेल्ड नावाचे अमेरिकन भूशास्त्रज्ञ, जमशेटजींचे चिरंजीव दोराबजी आणि हे सकलातवाला बैलगाड्या जुंपून चांद्याचं जंगल धुंडाळत होते. पिण्याजोगं पाणी मिळेना तेव्हा त्यांनी सोडावॉटरमध्ये चहा उकळून घेतला. लोहाऱ्याचं खनिज चांगलं होतं, पण मोठ्या कारखान्याला पुरेल इतकं नव्हतं. वरोऱ्याचा कोळसाही पोलादाच्या कामाचा निघाला नाही. शेवटी कारखाना साकचीला, म्हणजे आजच्या जमशेदपूरला गेला. पुढे लंडनच्या सभागृहात जो माणूस उभा राहिला, त्यानं त्याआधी आपली रानं अशी पायाखाली घातली होती.

आता माझं म्हणणं. सकलातवालांनी ‘मी भारताचा प्रतिनिधी’ असं म्हणून बॅटरसीच्या मतदाराला वाऱ्यावर सोडलं नाही, आणि ‘मी आता इंग्लंडचा’ म्हणून भारताकडे पाठही फिरवली नाही. ते सांगत की डंडीच्या ताग गिरणीतला मजूर आणि कलकत्त्याच्या ताग गिरणीतला मजूर यांचं भांडण एकच आहे. कलकत्त्यात मजुरी मातीमोल ठेवली की मालक भांडवल तिकडे नेणार आणि डंडीची चूल विझणार. म्हणून भारतातल्या मजुराला न्याय मिळणं हे स्कॉटलंडच्या मजुराच्याच हिताचं आहे. परक्या देशात निवडून गेलेल्या माणसानं दोन्ही देशांशी इमान कसं राखावं, याचं इतकं स्वच्छ उत्तर मी दुसऱ्या कोणाच्या कारकिर्दीत पाहिलेलं नाही. म्हणून मी म्हणतो, ते आपले होते. आपल्या शाळांमधून त्यांची गोष्ट सांगितली पाहिजे.

आजच का लिहितो? ऑगस्ट २०२५ मध्ये कापसावरचं ११ टक्के आयात शुल्क उठवलं गेलं आणि सूट वर्षाअखेरपर्यंत वाढवली. ऐन आपला कापूस घरात येण्याच्या वेळेला. तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच घोळतं, की सभागृहात आपल्यासाठी हट्टानं उभा राहणारा माणूस कसा ओळखावा.

बाजार समितीतला, हिंगणघाट

भाऊ, तुमी लिव्हलं ते मन लावून वाचलं. पण मी बाजारात बसतो, मले काटापट्टीवर शेवटी काय पडलं ते पाहाची सवय हाय. सहाशे पंधरा खासदाराईत हा एकटा माणूस. त्याच्या बोलण्यानं कास्तकाराच्या, मजुराच्या पदरात काय आलं ते सांगा.

मीच एक दाखला देतो. आपल्या देशातल्या गिरणीच्या कापडावर इंग्रजानं १८९६ पासून साडेतीन टक्के कर बसवला होता. काहून? तर लँकेशायरच्या गिरण्याईले आपल्या कापडाची स्पर्धा नको. ज्या गिरण्या आपली रुई घेत, त्याईच्याच गळ्यात हे लोढणं. तो कर १९२६ ले गेला. तवा सकलातवाला खासदार होते, मान्य. पण गेला कोनामुळं? १९२५ ले मुंबईच्या मालकाईनं मजुरी साडेअकरा टक्क्यानं कापली. मजुरानं मोठा संप केला. सरकारनं डिसेंबरात कर थांबवला, मंग मजुरीकपात मागं गेली. हे काम संपानं झालं, लंडनच्या भाषणानं नाही.

आन् १९२९ ले काय झालं तेही सांगा. बॅटरसीत मजूर पक्षाचा सँडर्स निवडून आला आन् सकलातवाला तिसऱ्या नंबरावर गेले. १९३० ले ग्लासगोत पोटनिवडणूक लढले, पडले. १९३१ ले परत बॅटरसीत पडले. ज्याले आपला मतदारसंघ राखता आला नाही, त्याची गोष्ट लेकराईले कशापायी शिकवाची?

पऱ्हाटीवाला, दारव्हा

दादा, कराचा दाखला पक्का आहे आणि तो मला मान्य आहे. पण संप आणि सभागृह ही दोन वेगळी दुकानं नाहीत. संप मोडायला गोळी चालवायची की नाही, संपवाल्याला तुरुंगात किती दिवस ठेवायचं, संघटना कायदेशीर ठरवायची की बेकायदा, हे सगळं सभागृहातच ठरतं. तिथं तुमच्या बाजूचा एक जरी माणूस असला तर सरकारला निदान उत्तर द्यावं लागतं, आणि ते उत्तर कागदावर येतं. मेरठच्या खटल्यात १९२९ ला भारतातले कामगार पुढारी धरले गेले तेव्हा सकलातवाला अजून खासदार होते, आणि त्याच वर्षी खासदारकी गेल्यावरही त्या पुढाऱ्यांसाठी तिकडे सभा घेत होते.

पडले म्हणून वाईट, हे मला पटत नाही. पडले का ते बघा. मजूर पक्षानं कम्युनिस्टांना बाहेर काढायचं ठरवलं, बॅटरसीच्या स्थानिक शाखेनं ऐकलं नाही, तेव्हा १९२६ मध्ये ती अख्खी शाखाच पक्षातून तोडली. मग अधिकृत उमेदवार समोर आला. मतं फुटली. एवढं होऊनही हजारो मतं त्यांच्या पाठीशी राहिली.

सूतकताई, सेलू (जि. वर्धा)

पऱ्हाटीवाला भाऊ, तुम्ही एक मोठी गोष्ट गाळलीत, आणि वर्धा जिल्ह्यातल्या माणसाला ती गाळून चालणार नाही.

१९२७ च्या जानेवारीत सकलातवाला भारतात आले आणि एप्रिलपर्यंत फिरले. ८ मार्चला त्यांनी गांधीजींना उघडं पत्र लिहिलं. सुरुवातच ‘कॉम्रेड गांधी’ अशी. त्यात खादीवर टीका, चरख्यावर टीका. ‘महात्मा’ म्हणवून घेणं सोडा, लोकांना पाया पडू देऊ नका, कामगार आणि शेतकऱ्यांच्या संघटना बांधा, असा उपदेश. पाया पडण्याचं त्यांचं म्हणणं मला पटतं. पण चरख्यावर बोलायचा अधिकार त्यांना होता असं मला वाटत नाही.

उलंगवाडी, म्हणजे कापसाची शेवटची वेचणी, झाल्यापासून मृग लागेपर्यंत कोरडवाहू गावात काम नसतं. त्या महिन्यांत बाईच्या हातात चार पैसे यावेत एवढ्यासाठी चरखा होता. टाटांच्या घरात वाढलेल्या, लंडनमध्ये वीस वर्षं काढलेल्या माणसाला ते रिकामे महिने दिसलेच नाहीत. त्यांना गिरणी दिसत होती, भोंगा दिसत होता, हजार माणसं एका फाटकातून बाहेर पडताना दिसत होती. आपल्या गावात फाटकच नव्हतं. विखुरलेल्या, कर्जात बुडालेल्या, पावसाकडे डोळे लावून बसलेल्या माणसाचं राजकारण त्यांच्याजवळ नव्हतं. त्यांनी पत्रात शेतकरी हा शब्द वापरला म्हणून ते शेतकऱ्याचे होत नाहीत.

आणि एक विचारतो. लंडनच्या मतदारानं निवडलेल्या माणसानं तीन महिने इकडे फिरावं आणि इथं वर्षानुवर्षं खेड्यांत पायपीट केलेल्या माणसाला शिकवावं, याला आपलेपणा म्हणायचं का?

पऱ्हाटीवाला, दारव्हा

काका, पत्राचा उल्लेख केलात ते बरं झालं, पण उत्तराचाही करा. गांधीजींनी १७ मार्च १९२७ च्या ‘यंग इंडिया’त ‘नाही आणि होय’ अशा मथळ्याखाली उत्तर दिलं. चरख्यावर, भांडवल आणि मजुरांच्या नात्यावर त्यांनी आपला मुद्दा सोडला नाही. पण माणसाबद्दल काय लिहिलं? की याचा प्रामाणिकपणा आरपार दिसतो, त्याग मोठा आहे आणि गरिबांविषयीच्या तळमळीबद्दल शंकाच नाही. ज्यांच्यावर टीका झाली त्यांनी हे लिहिलं आहे. मग आपण त्यांना परका कशाला ठरवायचं?

रिकाम्या महिन्यांचं तुम्ही म्हणता ते खरं आहे, आणि ते त्यांना पुरतं कळलं नव्हतं हेही मी मानतो. पण संघटना बांधा हे म्हणणं चुकीचं होतं का? सत्तर-ऐंशी वर्षांनंतर आपल्या भागातला कास्तकार एकेकटा कर्जाशी झुंजत राहिला, त्याचं काय झालं ते विदर्भातल्या माणसाला मी सांगायला नको.

झाडीपट्टीचा, सिंदेवाही

लोहारा आमच्या तालुक्यात येते जी, म्हणून लिहितो.

चांद्यात इंग्रजांच्या कितीतरी आधीपासून लोक भट्ट्या लावून लोखंड गाळत होते. जंगलातला कोळसा, डोंगरातला दगड आणि हाताचा भाता. ते लोखंड नावाजलेलं होतं. मग जंगलाचे कायदे आले, विलायती लोखंड आलं, भट्ट्या विझल्या. त्याच डोंगराकडे टाटांची माणसं बैलगाडीनं आली. भाऊ, तुम्ही सोडावॉटरच्या चहाचं सांगितलं. पण त्या गाड्या कोणी हाकल्या, वाट कोणी दाखवली, दगड कोणी फोडून दिला? ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या तोच दगड गाळला, त्यांना एका शब्दानं तरी कोणी विचारलं असेल का, की हा डोंगर आम्ही नेतो म्हणून?

सकलातवाला चांद्यात आले ते मामाच्या कंपनीचे माणूस म्हणून. इथं ते मालकाच्या बाजूनं फिरत होते, तिकडे जाऊन मजुराच्या बाजूचे झाले. बदलले, चांगलं झालं. पण चांद्याशी नातं सांगून त्यांना आपलं करू नका. ते नातं खनिजाचं होतं. आज सुरजागडच्या डोंगरावर खाण चालू आहे, रोज ट्रकच्या रांगा जातात, आणि आमच्या भागातल्या माणसाला हे नातं काय असते ते चांगलं माहीत आहे.

वकील, पुसद

झाडीपट्टीच्या भाऊंचा मुद्दा या धाग्यातला सगळ्यात जड मुद्दा आहे. त्याला उत्तर म्हणून नाही, पण त्याच्या शेजारी ठेवायला म्हणून दोन गोष्टी सांगतो.

पहिली, सकलातवालांनी टाटांची नोकरी १९२५ मध्ये सोडली. आपल्या राजकारणानं कंपनीची अडचण होते हे दिसत होतं. पाच मुलांचा संसार होता. बायको सॅली मार्श ही मॅटलॉकच्या आरोग्यधामात वाढपीण होती, तिथंच उपचार घेताना ओळख झाली आणि १९०७ मध्ये लग्न. माहेरचा पैसा नाही, आणि टाटांचा पगार बंद. पोटाला बसेल असा निर्णय होता तो. चांद्यातल्या त्या बैलगाडीपासून या राजीनाम्यापर्यंतचा रस्ता त्या माणसानं स्वतःच्या पायानं चाललेला आहे.

दुसरी, १९२६. इंग्लंडमध्ये सार्वत्रिक संप होणार होता. १ मे रोजी हाइड पार्कच्या सभेत ते सैनिकांना उद्देशून बोलले, की संपवाल्या आपल्याच भावांवर गोळी चालवू नका. ४ मेला अटक झाली. कोर्टानं पर्याय दिला, पुढे नीट वागण्याची हमी द्या, जामीनदार द्या आणि घरी जा. आमच्या कोर्टातही अशी हमी रोज लिहून घेतात, आणि मी एकाही पक्षकाराला ती नाकारायचा सल्ला देणार नाही. सकलातवालांनी नाकारली. दोन महिने वर्मवुड स्क्रब्ज तुरुंगात काढले. विद्यमान खासदार होते ते, सही केली असती तर त्याच संध्याकाळी सभागृहात जाऊन बसले असते.

त्याच्या आदल्या वर्षी जगभरच्या संसद सदस्यांची परिषद वॉशिंग्टनला होती. ब्रिटिश शिष्टमंडळात त्यांचं नाव होतं. अमेरिकेच्या परराष्ट्रमंत्र्यानं, केलॉगनं, त्यांचा व्हिसाच रद्द केला. आणि १९२७ च्या भारतवारीनंतर ब्रिटिश सरकारनं त्यांना पुन्हा भारतात येऊ दिलं नाही. जन्मभूमीत पाय ठेवायची बंदी, आणि तीसुद्धा ज्या सभागृहाचे ते सभासद होते त्याच सभागृहाच्या सरकारकडून. १९२९ ला मजूर पक्षाचं सरकार आलं, तरी बंदी उठली नाही. ज्यांना प्रश्न पडतो की त्यांच्या बोलण्यानं काय झालं, त्यांनी हे बघावं. ज्याच्या बोलण्यानं काहीच होत नाही, त्याला एवढं कोणी घाबरत नाही.

बाजार समितीतला, हिंगणघाट

वकीलसाहेब, जेलचा मान हाय, त्याले मी कमी लेखत नाही. पण परक्या मुलखात जाऊन संसदेत बसलेल्या माणसाची गोष्ट सांगाची, तर मी दलीपसिंग सौंदची सांगीन. पंजाबातल्या छज्जलवडीचा, जन्म १८९९. १९२० ले अमेरिकेत गेला, बर्कलेतून गणितात पीएचडी केली. पण कातडी पाहून नोकरी कोनी देईना. मंग इंपीरियल व्हॅलीत कापूस वेचणाऱ्या टोळीवर मुकादम म्हणून लागला. गणितातला डॉक्टर, कापसाच्या वावरात! तिथल्या कायद्यानं आशियातल्या माणसाले जमीन नावावर करता येत नव्हती, नागरिकत्व मिळत नव्हतं. त्यानं त्यासाठी इतराईसंगं वर्षानुवर्षं खटपट केली, १९४६ ले कायदा बदलला, १९४९ ले तो नागरिक झाला. १९५० ले न्यायाधीश म्हणून निवडून आला तर म्हणे नागरिक होऊन वर्ष झालं नाही, निवडणूक रद्द. १९५२ ले परत उभा राह्यला, परत जिंकला. १९५६ ले अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहात गेला, असा जाणारा आशियातला पहिला माणूस. तीन वेळा निवडून आला.

हा माणूस कायदा बदलून घेऊन आत गेला, आत जाऊन टिकला, आन् तब्येतीनं घात करेपर्यंत मतदारानं त्याले सोडलं नाही. कास्तकाराले असा माणूस पाह्यजे. सकलातवाला फाटकाशी भांडत बसले, सौंदनं फाटक उघडून घेतलं.

पऱ्हाटीवाला, दारव्हा

सौंद मोठेच होते, त्यांच्याबद्दल वाद नाही. पण दादा, १९५६ ला भारत स्वतंत्र होता. सौंद अमेरिकेत खासदार होते आणि भारत अमेरिकेचा गुलाम नव्हता. सकलातवाला ज्या सभागृहात बसले तेच सभागृह आपल्यावर राज्य करत होतं. नोव्हेंबर १९२७ मध्ये सायमन कमिशनचा विषय तिथं आला, एकही भारतीय सभासद नसलेलं कमिशन, तेव्हा विरोधात उभे राहिले. आयर्लंडच्या राज्यघटनेचं विधेयक आलं तेव्हा, म्हणजे नवीन निवडून आल्या आल्या, हे खरं स्वातंत्र्य नाही म्हणून बोलले. तिथं ‘सगळ्यांशी जमवून घ्या’ याचा अर्थ आपल्या गुलामीशी जमवून घ्या असा झाला असता.

वाशीमकर

विषय बाहेरच्या उमेदवाराचा निघालाच आहे तर आपल्याच मातीतलं बोलू. आमच्या वाशीमनं १९८० आणि १९८४ ला काश्मीरचे गुलाम नबी आझाद लोकसभेत पाठवले. रामटेकनं १९८४ आणि १९८९ ला आंध्राचे नरसिंह राव पाठवले. आणि १९५४ च्या पोटनिवडणुकीत भंडाऱ्यानं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना पाडलं. विदर्भाच्या मतदाराला बाहेरचा माणूस चालत नाही असं कोणी म्हणू नये. चालतो. फक्त कोण चालतो आणि कोण चालत नाही ते नीट बघितलं की मान खाली जाते.

आझाद आणि राव यांना वाशीमनं, रामटेकनं शोधून आणलं नव्हतं, पक्षानं पाठवलं होतं आणि लोकांनी चिन्ह बघून शिक्का मारला. बॅटरसीचं तसं नव्हतं. तिथल्या कामगार संघटनांनी स्वतः सकलातवालांना उभं केलं, पक्षाच्या वरच्या लोकांनी डोळे वटारले तरी सोडलं नाही. फरक हा आहे.

ताई, राळेगाव

वाशीमकर भाऊंनी मतदाराकडे बोट दाखवलं, मला तेच म्हणायचं होतं. सगळे सकलातवालांबद्दल बोलत आहेत, बॅटरसीच्या लोकांबद्दल कोणी बोलत नाही. रेल्वेच्या यार्डात, गॅसच्या कारखान्यात, मेणबत्तीच्या कारखान्यात राबणारी वस्ती ती. त्यांनी १९१३ मध्येच जॉन आर्चर या कृष्णवर्णीय माणसाला आपला महापौर केलं होतं, आणि हेच आर्चर पुढे सकलातवालांचे निवडणूक प्रतिनिधी झाले. १९२२ ला तिथं तीस वर्षांवरच्या बायकांनाही मत होतं. मुंबईत जन्मलेल्या, वेगळ्या धर्माच्या माणसाला कपडे धुऊन, भाकरी भाजून पोट भरणाऱ्या बायकांनी मत दिलं असेल, ते काय बघून? तो आपल्या भाड्याचं, आपल्या बेकारीचं बोलतो म्हणूनच ना.

मी बचत गटाचं काम बघते. कापूस वेचणीच्या दिवसांत बाया सकाळी डबा बांधून निघतात. कमरेला ओटी बांधलेली, बोंडाच्या वाळलेल्या टोकांनी नखाजवळ चिरा पडलेल्या, वर दिवसभर वाकून पाठ ताठत नाही. संध्याकाळी धुऱ्यावर काटा लागतो आणि किलोमागं मजुरी. पऱ्हाटीवाला भाऊ, तुम्ही आयात शुल्काचं लिहिलंत, बरोबर लिहिलंत. भाव पडला की कास्तकार आधी वेचणीचा दर खाली ओढतो. मग ती बाई तुमच्या विरुद्ध उभी राहते. सकलातवाला जर आज इथं खासदार असते, तर ते तुमच्या बाजूचे की तिच्या?

पऱ्हाटीवाला, दारव्हा

ताई, ते म्हणाले असते की दोघांचं भांडण एकमेकांशी नाही. डंडी आणि कलकत्ता यांच्याबद्दल ते जे सांगत होते तेच वावराच्या धुऱ्यावर लागू पडतं. माझा भाव पाडला की मी तिची मजुरी पाडतो, आणि पाडणारा तिसराच असतो, तो ना वावरात दिसतो ना काट्यावर. तिची मजुरी आधी पक्की करा आणि त्या आधारावर हमीभाव मागा, असं ते म्हणाले असते. मला ते जड जाईल, पण खरं तेच आहे. आमच्या गावच्या बैठकीत भावाचा ठराव येतो, वेचणीच्या दराचा कधी येत नाही. पुढच्या बैठकीत दोन्ही एकत्र मांडतो.

सूतकताई, सेलू (जि. वर्धा)

हे ऐकून बरं वाटलं, पण भाऊ, जे तुम्ही आता बोललात ते सकलातवालांनी लिहिलेलं नाही, ते तुमचं आहे. शेतमजूर बाईचा विचार त्यांच्या राजकारणात मला सापडत नाही. तुम्ही त्यांच्या तत्त्वातून तो काढलात. चांगलं केलंत. पण श्रेय त्यांच्या नावावर जमा करू नका.

वकील, पुसद

काका, तत्त्व त्यांचं आणि उपयोग आपला, यात वावगं काय?

आणखी एक सांगतो, कारण कोणीतरी ‘पक्षाचा माणूस’ म्हणून त्यांना निकालात काढेल. जुलै १९२७ मध्ये त्यांनी आपल्या मुलांचा नवजोत, म्हणजे पारशी धर्मदीक्षेचा विधी, लंडनच्या कॅक्स्टन हॉलमध्ये केला. कम्युनिस्ट पक्षानं जाहीर नापसंती दाखवली. मुलांची आई इंग्रज, बाप पक्का डाव्या विचारांचा, तरी मुलांना आपल्या लोकांशी जोडून ठेवायचं त्यांनी ठरवलं आणि पक्षासाठी ते मागे घेतलं नाही. १६ जानेवारी १९३६ ला वारले, तेव्हा दहनानंतर इंग्लंडातल्या ब्रुकवुडच्या पारशी दफनभूमीत मामा जमशेटजींच्या सान्निध्यात त्यांच्या अस्थी पुरल्या. त्याच वर्षाअखेरीस स्पेनमध्ये लढायला निघालेल्या ब्रिटिश स्वयंसेवकांनी आपल्या तुकडीला सकलातवालांचं नाव दिलं. हे सगळं एकाच आयुष्यात आहे. त्यांना एका खुंटीला बांधायचा प्रयत्न या धाग्यात दोन्ही बाजूंनी झाला आहे.

झाडीपट्टीचा, सिंदेवाही

शाळेत सांगायचं असेल तर सांगा जी, माझी ना नाही. पण जेलचं सांगाल तेव्हा चांद्याच्या भट्टीवाल्यांचंही सांगा. लोहाऱ्यापासूनच गोष्ट सुरू करा, मधेच लंडनपासून नको.

बाजार समितीतला, हिंगणघाट

दारव्ह्याच्या भाऊ, तुमी गावच्या बैठकीत वेचणीचा दर मांडतो म्हणालात, ते करा. कोनत्या तारखेले हाय ते इथं लिहा. मी येतो, मजुरीचे आन् भावाचे मागच्या हंगामाचे आकडे आमच्या बाजारातले घेऊन येतो. सकलातवालांवर माझं मत तेच हाय. सौंदवर कोनी लिहिनार असन तर मी वाचायले तयार हाओ.

पऱ्हाटीवाला, दारव्हा

बैठक येत्या रविवारी सकाळी दहाला, ग्रामपंचायतीसमोर. ताई, तुमच्या गटातल्या बायांनाही घेऊन या, दर त्यांनीच सांगावा.